साडेसातचा फोन

३ नोव्हेंबर, सोमवार

पोचले एकदाची इंदूरला. साडेसातला बसमधूनच धाकट्या भावाला, मानसला फोन केला, आठला बस स्टँडला लागली. घरमालक दत्तोपंत स्वतः घ्यायला आले होते. वय अठ्ठ्याहत्तर, आणि माझी जड बॅग त्यांनीच उचलली. घरी नेण्याआधी त्यांनी मला पोह्यांच्या गाडीपुढे उभं केलं. पोह्यांवर शेव, शेवेवर जिरावन नावाचा मसाला आणि बाजूला गरम जिलबी. सकाळी सकाळी तिखटाबरोबर गोड! मिरजेत असं कुणी खाल्लं तर शेजारी तब्येतीची चौकशी करतील. मी दोन प्लेट खाल्ल्या.

घर परदेशीपुऱ्यात आहे. खाली दत्तोपंत आणि शशिकलाकाकू, वर माझी खोली. खोलीला गच्ची, गच्चीवरून बंद पडलेल्या कापड गिरणीचं धुरांडं दिसतं. दत्तोपंतांनी त्या गिरणीत चौतीस वर्षं काढली. काकू गोऱ्यापान, सदा हसतमुख. "काही टेन्शन नका घेऊ हं, सगळं बढिया होऊन जाईल," असं त्या दर दोन मिनिटांनी म्हणतात. खालच्या खोलीत हार घातलेला एका तरुण मुलाचा फोटो आहे. कोण म्हणून विचारलं नाही. पहिल्याच दिवशी कुणाच्या दुःखात नाक कशाला खुपसा.

ही वही मानसने दिली आहे. पहिल्या पानावर त्याच्या कोंबडीच्या पायांच्या अक्षरात लिहिलंय, "ताईच्या काळज्या, भाग पहिला. मला छळण्यापेक्षा हिला छळ." गाढव कुठला. बावीस वर्षांचा घोडा झालाय, चष्म्याच्या दुकानात नोकरी करतो, पण फिटची गोळी स्वतःहून घेईल तर शपथ. अलार्म लावला की झोपेतच बंद करतो. दोन वर्षांपूर्वी दोन दिवस गोळी चुकली आणि तो पेटत्या गॅसशेजारी पडला. मी घरात होते म्हणून वाचला. आई-बाबा गेल्यापासून आम्ही दोघंच. म्हणून साडेसातचा फोन. खाटेशेजारच्या खणातली निळी डबी काढायची, नळाचं पाणी घ्यायचं, आणि मला घोटाचा आवाज ऐकू आल्याशिवाय फोन ठेवायचा नाही, असा करार आहे. आज तो मुद्दाम म्हशीसारखा घटघट प्यायला.

६ नोव्हेंबर, गुरुवार

कंपनी सांवेर रोडला. पाण्याचे पंप बनवतात. मी ट्रेनिंग ऑफिसर. साहेबांचं नाव श्रीराम, पण इथे सगळेच जी लावतात म्हणून मीही श्रीरामजी म्हणते. सहा महिन्यांत दोन सुपरवायझर काम करता करता चक्कर येऊन पडले, तेव्हापासून त्यांना घोर लागला आहे. माझं पहिलंच काम, एकशे चाळीस लोकांसाठी ताण कमी करण्याचा चांगला कोर्स निवडणं. एक डिसेंबरपासून सुरू करायचा. माझी सही असल्याशिवाय कोर्स लागणार नाही.

हे काम मला आवडतं. नाशिकच्या नोकरीत मी असे सात कोर्स निवडले आणि वीस हाकलले. माझे नियम ठरलेले आहेत. शिकवणारा कोण ते बघायचं. जो छातीठोकपणे सांगतो की सगळा ताण जाईल, त्याला दारातूनच नमस्कार. घरी करण्यासारखं काही देतो का ते बघायचं. जुन्या विद्यार्थ्यांना स्वतः भेटायचं. आणि सगळ्यात मोठा नियम म्हणजे स्वतः केल्याशिवाय दुसऱ्याला करायला लावायचं नाही. उंटावरून शेळ्या हाकणारे मला चालत नाहीत.

दोन कोर्स आजच बाद केले. पहिला गृहस्थ हॉटेलच्या हॉलमध्ये कानाला माइक लावून नाचला, मग म्हणाला डोळे मिटा आणि समुद्र बघा. माझ्या शेजारचा सुपरवायझर यतीन हळूच म्हणाला, "मॅडमजी, इंदूरमध्ये समुद्र कुठून आणू?" दुसरा कोर्स मोबाइलवरचा. श्वास घ्यायची आठवण करून देतो. ती मी फुकट देईन.

यतीन भला माणूस आहे. त्याला शमिका नावाची सहा वर्षांची मुलगी आहे, दम्याची. बायको नर्स, तिची ड्युटी रात्री आठपर्यंत. त्यामुळे हा दिवसातून तीनदा शाळेत फोन करतो, दुपारी स्वतः जाऊन मुलीला आणतो, पुन्हा कामाला येतो. डोळ्यांखाली काळं झालंय. आमची दोघांची लगेच गट्टी जमली. काळजी करणारे एकमेकांना बरोबर ओळखतात.

९ नोव्हेंबर, रविवार

सापडला! तोही घराच्या मागच्याच गल्लीत.

गिरणीला लागून कामगारांचा जुना हॉल आहे, तिथे इंदुमतीजी नावाच्या बाई वर्ग घेतात. सकाळी सात ते आठ, आठवड्यात तीन बैठका. पाटी नाही, जाहिरात नाही. साठीच्या आहेत, सुती साडी, आवाज मऊ. काय हमी देता म्हणून विचारलं तर म्हणाल्या, हमी कसली, बसा आणि बघा. मी तिथेच अर्धी विरघळले.

पद्धत अगदी साधी. प्रत्येकाला हातभर कच्चं सूत देतात. ज्याची सगळ्यात जास्त काळजी वाटते त्याचं नाव मनात घ्यायचं आणि सुताला गाठ मारायची. मग इंदुमतीजी समोर बसून, आपल्याशी बोलत बोलत, नखांनी ती गाठ तीन बैठकांत सोडवतात. सुटलेलं सूत त्या एका मोठ्या रिळावर गुंडाळतात. रीळ चांगलं माठाएवढं झालंय.

नियमाप्रमाणे मीही सूत घेतलं. मानसचं नाव घेऊन गाठ मारली, चांगली करकचून. तेवढ्यात साडेसात झाले म्हणून मी फोन घेऊन बाहेर पळाले. परत आले तर माझं सूत त्यांच्या मांडीवर होतं. रोज फोन करता का, एवढंच त्यांनी विचारलं. मी हो म्हटलं.

जुन्या विद्यार्थ्यांचे अभिप्राय वाचले, दोनशेच्या वर. सगळ्यांनी पैकीच्या पैकी दिलेत. 'पूर्वी कशाचा ताण होता?' या शेवटच्या प्रश्नापुढे मात्र सगळ्यांनी जागा कोरी सोडली आहे. म्हणजे आठवावासाही वाटत नाही इतका गेला! सहा जणांना फोन करून बोलले. सगळे झकास. आणि गंमत म्हणजे आमच्या काकूही गेल्या वर्षी तिथे जाऊन आल्यात. हातच्या काकणाला आरसा कशाला.

कंपनीतून आधी दहा जणांची तुकडी पाठवू. यतीनने फोनवरच पहिलं नाव दिलं.

१४ नोव्हेंबर, शुक्रवार

यतीन ओळखू येत नाही. तीन बैठका झाल्या आणि माणूस दहा वर्षांनी तरुण झाला. डबा पूर्ण संपवतो, विनोद करतो, डोळ्यांखालचं काळं गेलं. आज पूर्ण दिवस जागेवर होता. श्रीरामजींनी मला बोलावून कौतुक केलं. "भिया, हा कोर्स तर पक्का करून टाका," असं मला, बाईमाणसाला, भिया म्हणजे भाऊ करून सांगितलं. मंजुरीचा कागद तयार केला. सही सोमवारी करीन, घाई नको.

मीही इंदुमतीजींकडे आणखी एकदा बसून आले. छान वाटलं. फोन आज आठला केला, जरा उशीर झाला. मानस म्हणाला, ताई सुधारायला लागली वाटतं.

१७ नोव्हेंबर, सोमवार

जसं घडलं तसं लिहिणार.

दुपारी साडेचारला शाळेतून ऑफिसला फोन आला. शमिका दीडपासून फाटकाशी बसून आहे आणि वडील फोन उचलत नाहीत. मी धावत यतीनकडे गेले. तो चहा पीत होता. सांगितलं तर शांतपणे म्हणाला, "कोण शमिका, मॅडमजी?"

मला वाटलं चेष्टा करतोय. अशी चेष्टा कुणी करतं का म्हणून मी चिडले. त्याने माझ्याकडे इतक्या निर्मळ डोळ्यांनी पाहिलं की मी तशीच वळून बाहेर पडले.

मी रिक्षाने गेले. पोरगी धापा टाकत होती. तिच्या दप्तरातला दम्याचा पंप मीच तिच्या तोंडाला लावला. कंपनीत आणलं तेव्हा ती 'पापा' म्हणून धावली. तो उठून उभा राहिला आणि त्याने अगदी अदबीने विचारलं, "बेटा, आपका नाम क्या है?"

तिचा चेहरा मी जन्मात विसरणार नाही.

सही केलेली नाही.

१८ नोव्हेंबर, मंगळवार

माझी चूक मला कळली. शिकले-सवरलेले लोकच अशी चूक करतात. मी दोनशे अभिप्राय वाचले, सहा जणांशी बोलले, सगळ्यांना 'तुम्हाला कसं वाटतं' म्हणून विचारलं. त्यांच्या घरच्यांना कसं वाटतं हे एकालाही विचारलं नाही.

आज विचारलं. एकीची आई चार महिने एकटी दवाखान्यात पडून आहे, लेक फिरकलेली नाही. एकाची बायको फोनवर नुसती रडली.

संध्याकाळी काकू फोटो पुसत होत्या. मी धीर करून विचारलं, हा कोण. काकू फोटोतल्या मुलाचा गाल पुसत हसल्या. "कोण जाणे बाई, यांच्याकडचं कोणी असेल. छान आहे न मुलगा?"

दत्तोपंत मला गच्चीवर घेऊन गेले. तो त्यांचा समीर. एकोणिसाव्या वर्षी रस्त्यावर अपघातात गेला. काकू अकरा वर्षं नीट झोपल्या नव्हत्या, म्हणून दत्तोपंतांनीच त्यांना त्या वर्गाला नेलं. आता ती झोपते आणि मी जागतो, म्हणाले. मग गिरणीतलं सांगितलं. त्यांचं काम सूत जोडण्याचं होतं. चालत्या मशीनवर सूत तुटलं की मशीन न थांबवता दोन टोकं पकडायची आणि सांधायची. "बेटा, गाठ म्हणजे गुंता नाही. जिथे तुटू शकतं तिथे आम्ही गाठ मारायचो. ती सोडवली न, की दोन्ही टोकं सुटतात."

मग मला आठवलं. माझं सूत अजून त्या बाईच्या मांडीवर आहे.

१९ नोव्हेंबर, बुधवार

साडेसातला हॉलवर गेले आणि माझी गाठ परत मागितली. त्या रागावल्या नाहीत. म्हणाल्या, आजवर कुणी तक्रार केली नाही. मी म्हटलं, तक्रार करणारा माणूसच तुम्ही काढून घेता, करणार कोण? बाकीचे लोक शांत बसून ऐकत होते. एकाच्याही कपाळाला आठी नाही. मी ओरडून सांगितलं, उठा, घरी जा, ज्याचं नाव घेतलंय त्याला जाऊन बघा. कुणी उठलं नाही.

त्यांनी माझं सूत हातात ठेवलं. सरळ होतं. तिसरी बैठक मी केलीच नव्हती, तरी गाठ नव्हती. "कल ही खुल गई, बेटा. आता हळूहळू हलकं वाटेल."

मला हलकं व्हायचं नाही. हे मी त्यांच्या तोंडावर सांगितलं. माझी काळजी माझी आहे, ती मी कमावली आहे.

परत येताना यतीनची बायको भेटली. शमिका आज बापाला अंकल म्हणाली म्हणे. सहज. रडली पण नाही.

दोन्ही टोकं.

आणि आज फोन केलाच नाही, हे आत्ता दहा वाजता कळलं. लगेच केला. गोळी राहिली होती. आता घेतली. घोट ऐकला.

२१ नोव्हेंबर, शुक्रवार

मानसला सगळं सांगितलं. हसला. मी म्हटलं हसू नकोस, आता तू फोन कर, रोज, साडेसातला. बरं म्हणाला. त्याच्या मालकांना, शंकररावांनाही सांगून ठेवलं. पण दुकान उघडतं दहाला आणि गोळी साडेसातची. त्याआधी जागा नाही म्हणून मंगळवार संध्याकाळच्या बसचं तिकीट काढलं. मिरजेला जाते आणि त्याच्या छाताडावरच बसते.

श्रीरामजी म्हणाले, उत्पादन वाढलंय, सगळे खूश आहेत, टेन्शनमध्ये फक्त तुम्हीच आहात. तुम्हीच तर हा कोर्स निवडला होता न? हो, मीच. म्हणून मीच मोडणार. कागदावर लाल पेनने नामंजूर लिहिलं, खाली सही ठोकली. दुसऱ्याची सही आणतील कदाचित. आणू देत. एक प्रत कामगारांच्या फळ्यावर लावली. खाली लिहिलं, घरच्यांना विचारल्याशिवाय बसू नका.

सूत मनगटाला बांधलंय. दत्तोपंतांनी गिरणीची गाठ मारून दिली.

२३ नोव्हेंबर, रविवार

गाठ सकाळी सुटलेली होती. पुन्हा बांधली. पुन्हा सुटली.

त्याचा फोन आला नाही. मी केला, नऊला. बोलता बोलता तो मला 'तुम्ही' म्हणाला. लगेच हसून सावरलं त्याने. मीही हसले. फोन ठेवला आणि ही वही उघडली. भीती वाटते. फार वाटते. चांगलं आहे, वाटतेय तोवर तो आहे.

त्याचं लहानपणीचं एक काहीतरी लिहायला बसले होते, वहीत पक्कं राहावं म्हणून. सायकलवरचं. की नदीवरचं —

नंबर वहीत लिहिला. भिंतीवर लिहिला. निळी डबी, खाटेशेजारचा खण, नळाचं पाणी, घोट ऐकायचा.

२४ नोव्हेंबर, सोमवार

गाढ झोप लागली. इतकी छान झोप कित्येक वर्षांत —

नको. असं लिहायचं नाही.

फोनवर 'मानस' नावाचे तीन मिस्ड कॉल. ऑफिसमधलं कोणी असेल म्हणून —

दुपारी भिंत वाचली तेव्हा कळलं. लावला. उचलला नाही. सहा वेळा. मग शंकररावांना. म्हणाले दुकानात आहे, ठीक आहे, पण बहीण म्हटल्यावर त्याने विचारलं, कुठली बहीण.

आज गोळी नाही. एक दिवस गेला. दोन गेले की —

मेले तरी सोडणार नाही. ऐकताय ना, इंदुमतीजी? तुमची नखं चालू द्यात. मी लिहिते आहे.

दत्तोपंतांना विचारलं, टोकच दिसत नसेल तर काय करायचं. म्हणाले, हात चालू ठेवायचा बेटा. हाताला सापडतं.

तिकीट उद्याचं आहे. कुठलं ते वहीत बघायचं.

२५ नोव्हेंबर, मंगळवार. सकाळी ७.२६

भिंतीवर माझ्या अक्षरात लिहिलंय, आधी वही वाच. वाचली.

पहिल्या पानावर दुसऱ्याच कुणाचं अक्षर आहे. कोंबडीच्या पायांसारखं.

मला मानस नावाचा भाऊ आहे म्हणे. फोनमध्ये फोटो सापडला. चष्म्यांच्या कपाटापुढे एक मुलगा, दात दाखवतोय. कुणीही असेल. आत काहीच हलत नाही. फार बरं वाटतंय, आणि त्याची लाज वाटते.

पण फोन करायला आठवण लागत नाही. नंबर लागतो. तो आहे.

७.३०. लावला.

वाजतोय —

उचलला. झोपेतला आवाज. कोण म्हणाला. म्हटलं निशिगंधा. कोण निशिगंधा. राँग नंबर म्हणाला —

रडायचं नंतर. हात चालू ठेवायचा.

म्हटलं ठेवू नकोस. तू मला ओळखत नाहीस, मीही तुला ओळखत नाही. खाटेशेजारचा खण उघड. निळी डबी आहे बघ.

खण उघडल्याचा आवाज. आहे म्हणाला. तुम्हाला कसं माहीत —

म्हटलं आधी गोळी घे, मग सांगते. उद्या परत सांगेन. तू रोज विचार कोण, मी रोज सांगेन.

ठेवला नाही अजून.

एका हातात फोन, एका हातात पेन. तिकडे नळ सोडला. ग्लास भरतोय. भरला —

घोट ऐकल्याशिवाय ठेवायचा नाही. का ते माहीत नाही. ऐकायचा. श्वास ऐकू येतोय त्याचा, ग्लास ओठाला लागला, आता